आवळावर ठेवलेले आबा

नाही, मागे जाता येत नाही. हे आधीच सांगून टाकतो, कारण इतकी वर्षं बारसं असो की तेरवी, कुठंही पंगतीत बसलो की शेजारचा माणूस वरणाचा द्रोण बाजूला सारून हेच विचारायचा, “वानखडेभाऊ, तुमची मशीन मागं नेते काय?” कुणाला बायको बघायला गेला त्या दिवशी परत जायचं असायचं, कुणाला शेजाऱ्याला बांधावर पहिल्यांदा शिवी दिली त्या दिवशी. मी सगळ्यांना एकच उत्तर दिलं. आमची मशीन वेळ लांबवते किंवा आखडते. झालेलं पुसत नाही. त्यावर माणूस मान हलवायचा आणि पुन्हा वरणाकडे वळायचा.

कारंजा लाडला, जुन्या जिनिंगच्या आवारात पत्र्याच्या शेडमध्ये आमची ‘समयसाधन’ कंपनी आहे. आजूबाजूच्या गावांत तिला ‘टाइमवाली कंपनी’ म्हणतात. मशीन बसवणारा आणि दुरुस्त करणारा म्हणून मी तिथं लागलो आणि यंदा निवृत्त झालो. निरोपाला कंपनीने शाल, श्रीफळ आणि भिंतीवरचं घड्याळ दिलं. घड्याळ मागे पडतं. दिवाळी अंकाच्या संपादकांनी ‘तुमच्या कामाबद्दल लिहा’ म्हटलं तेव्हा मी त्याच घड्याळाकडे बघून महिनाभराची मुदत मागून घेतली.

ज्यांनी मशीन पाहिलेली नाही त्यांच्यासाठी सांगतो. मशीन असते शिलाई मशीनएवढी. तिच्यातून तांब्याची जाड तार निघते. ती जमिनीवर गोल फिरवायची, जागोजागी खुंट्या ठोकायच्या आणि टोक परत मशीनला जोडायचं. याला आम्ही वेढा म्हणतो. मशीनचा दांडा एका बाजूला ओढला की वेढ्यात ‘ढील’ लागते, म्हणजे बाहेर तासभर होतो तोवर आतल्या माणसाचा अख्खा दिवस होतो. दुसऱ्या बाजूला ओढला की ‘आवळ’ लागतो. मग बाहेर दिवस जातो आणि आत डोळ्याची पापणीसुद्धा पुरती लवत नाही. किती ढील, किती आवळ, ते फिरवायच्या खटक्यावर ठरतं. एवढंच शास्त्र मला येतं. बाकीचं इंजिनिअर लोकांना येतं, आणि मशीन बंद पडली की ते मला फोन करतात.

आवळाचा एक नियम मात्र नव्या माणसाला पहिल्याच दिवशी घोकून घ्यावा लागतो. चालू वेढ्यात पाय टाकायचा नाही. माझा एकदा पाना आत पडला. वाकलो, उचलला, बाहेर आलो, तर दिवाळी होऊन गेली होती. बायको पुढचा महिनाभर माझ्याशी बोलली नाही, आणि तो महिना बिनामशीनचा असूनही संपता संपेना.

ढिलीचं सगळ्यात जुनं गिऱ्हाईक म्हणजे मंगरूळपीरचे रशीदभाई टेलर. ईदच्या आधी कपड्यांचा ढीग पडला की ते वेढ्यात बसत आणि बाहेरच्या एका दिवसात आत आठवड्याची शिलाई करत. कपडे वेळेवर, गिऱ्हाईक खुश. पण ढिलीत गेलेली वेळ शरीर सोडत नाही, ते आपलं वय लावूनच घेतं. दरवर्षी ईदला रशीदभाई थोडे थोडे पुढे सरकत गेले आणि शेवटी त्यांचे थोरले बंधूच त्यांना ‘भाईजान’ म्हणायला लागले. भाभींनी मला एकदा दुकानात गाठलं. “वानखडेभाऊ, मैंने जवान से शादी की थी. ये बुढ्ढा कौन ला के बिठा दिया तुमने?” मी त्या वर्षी खटका कमी करून दिला. रशीदभाईंनी दुसऱ्या दिवशी पुन्हा वाढवला.

एका सरकारी कचेरीतही आम्ही मशीन बसवली होती. नाव सांगत नाही, माझ्या सातबाऱ्याचं काम तिथंच पडून आहे. साहेबांना हवी होती ढील, म्हणजे तेवढ्याच दिवसात जास्त कागद निघतील. जोडणाऱ्याने दांडा उलटा बसवला आणि सगळी कचेरी आवळात गेली. पावसाळा संपला, हिवाळा गेला, एकाही माणसाची तक्रार नाही. मी वार्षिक तपासणीला गेलो तेव्हा चूक कळली. दांडा सरळ केला, तेव्हा मोठ्या बाबूंनी कपाळावर आठ्या घालून विचारलं, “काहून हात लावला? चांगलं तं चाललं होतं.”

पण हे सगळं हसण्यावारी न्यायचं झालं. कुणी मला ‘तुमच्या नोकरीत सगळ्यात काय लक्षात राहिलं’ असं विचारलं, तर मी कामरगावच्या आबांचं नाव घेतो.

आबा म्हणजे किसनआबा. त्यांचा मुलगा देवराव एके सकाळी कंपनीत आला, डोक्याचा रुमाल काढून हातात पिळत उभा राहिला.

“डॉक्टरनं जवाब देल्ला,” तो म्हणाला. “थोडे दिवस हायेत म्हणते. अन् आबा म्हणते, सीमीचं लगन पाह्यल्याबिगर मी मरत नाही. सोयरिक झाली, पन तारीख निघाची हाय. आता आठ दिवसांत लगन कसं होईन, सांगा बरं?”

सीमा त्याची एकुलती एक लेक, आबांची लाडकी नात. नवरा मुलगा मंगरूळपीरचा होता, बी-बियाण्याचं दुकान चालवणारा. देवरावला एवढंच हवं होतं की लग्नापर्यंत आबा टिकावेत. अशा कामाला आवळासारखी सोय नाही. मी मशीन घेऊन कामरगावला गेलो, आबांच्या खोलीत त्यांच्या खाटेभोवती वेढा घातला आणि खटका असा लावला की आत एक मिनिट जाईपर्यंत बाहेर आठवडा व्हावा.

आबा हाडं-कातडं झालेले होते, जीभ तेवढी तरुण होती. मी खुंट्या ठोकत असताना ते बघत होते. म्हणाले, “लोणच्यावानी मुरवून राह्यले काय मले?”

“नाही आबा,” मी म्हणालो. “मुरायले टाइम लागते. तुमचा टाइम जाणारच नाही.”

“मंग लवकर उठवजा. कंटाळा येईन मले.”

सीमाने त्यांच्या पायावर डोकं ठेवलं, मी दांडा ओढला आणि आबा अर्धी मिशी चावत होते तसेच थांबले.

पहिले काही दिवस घरात नुसती धावपळ. लाइट गेली की देवराव शेतातून पळत येऊन इन्व्हर्टर बघायचा. गावातले लोक आबांना बघायला यायचे, चपला बाहेर काढून, हळू आवाजात. देवळासारखं झालं होतं. देवरावची बायको तर वेढ्याबाहेर उदबत्तीही लावायची. मग हळूहळू सवय झाली. आणि सवय झाली तशी घाई संपली.

माझी मशीन चालली ती इथंच जरा जास्त चांगली चालली. आबा जाणार म्हणून लग्न पटकन उरकायचं होतं. आता आबा जाणारच नव्हते. तर देवराव म्हणाला, आधी घरावर स्लॅब टाकू, मांडव शोभला पाहिजे. स्लॅब झाला तर अधिक महिना लागला. तो गेला तर नवरदेवाकडे सुतक पडलं. ते फिटलं तर देवराव म्हणाला, उन्हाळ्यात पाहुण्यांना पाण्याचे हाल, आधी बोअर मारू. कुणी काही बोललं की त्याचं उत्तर ठरलेलं होतं, “घाई कायची हाय? आबा तं हायेतच.”

नवरदेव बिचारा दुकानात बसून वाळत चालला होता. मी मंगरूळपीरला गेलो की तो मला हाक मारून बसवायचा, चहा मागवायचा, इकडचं तिकडचं बोलायचा आणि मग नजर चुकवून विचारायचा, “भाऊ, तुमची मशीन बिघडत गिघडत नाही काय कधी?”

“आमच्या मशीनची गॅरंटी असते,” मी म्हणायचो.

“तेच तं,” असं म्हणून तो सुस्कारा टाकायचा.

आवळाची मशीन वर्षातून एकदा बंद करून साफ करावी लागते. तेवढा अर्धा तास आतला माणूस आपल्यात येतो. पहिल्या वर्षी मी गेलो तेव्हा सगळं गाव खोलीत. आबांना कुणी पाणी पाजतंय, कुणी पाय दाबतंय, आबा एकच विचारतायत, “तारीख काढली काय?” आणि देवराव म्हणतोय, “काढून राह्यलो, आबा.” अर्धा तास असाच गेला.

दुसऱ्या वर्षी गेलो तेव्हा दसरा झाला होता, सोयाबीन काढणीला आलं होतं. सगळे शेतात. घरी एकटी सीमा. मी मशीन बंद केली. आबांनी दाताखालची मिशी सोडली आणि नातीकडे पाहिलं. तिच्या गळ्याकडे पाहिलं.

“काय वं, मंगळसूत्र कुठं हाय?”

“लगनच नाही झालं आबा.”

“म्हंजे? मी कधीचा पडून हाय इथं?”

“दोन वर्सं झाले.”

आबा माझ्याकडे वळले. “दोन वर्सं? मले तं तीन तासही नाही झाले, बावा. खिडकीत दिवस-रात्र नुसती फडफडून राह्यली होती. मले वाटलं डोळ्यात काही गेलं.”

सीमा चहा करून घेऊन आली. पेला आबांच्या हातात दिला. ती म्हणाली, “मी काही म्हणत नाही आबा. बाबाले बोललं का ते दुसरीच गोष्ट काढतात. रोज सांजच्याले इथं येऊन तुमच्याशी बोलत बसतात, दार लोटून. आमाले ऐकू देत नाहीत. अन् मंग बाहेर येऊन म्हणतात, घाई कायची हाय.”

“माह्याशी बोलते? मले तं काहीच ऐकू आलं नाही.”

“कसं येईन?” मी म्हणालो. “बाहेरचं तासभराचं बोलणं तुमच्या कानाला चिलटाएवढंही लागत नाही.”

आबांनी चहाचा एक घोट घेतला. “साखर कमी हाय,” ते म्हणाले. मग दुसरा घोट घेऊन ते मला म्हणाले, “वानखडे, मले ऐकाचं हाय तो काय बोलते. बंद ठेव तुही मशीन.”

मी म्हणालो, बंद करायला देवरावची सही लागते, गिऱ्हाईक तो आहे. कंपनीचा नियम. आबा माझ्याकडे असे पाहायला लागले की जणू मी आत्ताच त्यांच्या ताटातली भाकर उचलली. मग मी म्हणालो, “पण वेढा थोडा इकडंतिकडं सरकला, तर त्याचा काही नियम नाही.”

सांगितलंच पाहिजे, त्या दुपारी मला जेवढी मजा आली तेवढी सगळ्या नोकरीत आली नाही. मी आणि सीमाने खाट भिंतीकडून हातभर ओढली. तार खाटेखालून काढून मागच्या कोपऱ्यात, एका स्टुलाभोवती फिरवली. समोरून बघणाऱ्याला तार दिसत होती, मशीनवरचा दिवा लागलेला होता, मशीन घुमत होती. आबा मात्र वेढ्याबाहेर. घाईत एकच घोटाळा झाला. आबांचा अर्धा पेला चहा त्या स्टुलावर राहिला, आणि आत माणूस नाही म्हणून खटका पार शेवटापर्यंत नेऊन मी दांडा ओढला. पेल्यावरची वाफ जिथल्या तिथं उभी राहिली.

“माहा चहा!” आबा म्हणाले.

“आता राहू द्या. दुसरा करून देते,” सीमा म्हणाली. आबा बडबडत राहिले. मग मी त्यांना पुतळा व्हायचा सराव दिला. श्वास बारीक, पापणी न हलवता, मिशी दाताखाली. चार दिवस अंथरुणावर काढायचे असलेला माणूस, पण लहान पोरासारखा रंगला होता. मधेच एक माशी नाकावर बसली तर म्हणाले, “हिलेही आवळात टाक.”

संध्याकाळी देवराव शेतातून आला. मी दारात पेटी आवरत बसलो होतो. तो म्हणाला, “झालं काय सर्व्हिसिंग? बसा, च्या घ्या.” मी मान हलवली, पण जागचा उठलो नाही. त्याने दार लोटलं. लोटलेल्या दाराला फट असते.

आधी तो घरचंच बोलला. सोयाबीनला दाणा चांगला भरला. म्हैस आटली. मग आवाज खाली आणून म्हणाला, “आबा, एक सांगाचं होतं. तांबडा बैल इकला. तुमी शपथ घातली होती, पन इकला.” फटीतून मला आबांच्या मानेची शीर दिसत होती. ती उडली. “अन् तुमचा रेडिओ मांजरीनं नाही फोडला. माह्याच हातून फुटला. मांजरीले उगाच मार पडला.” मी तोंडात रुमाल कोंबला.

मग तो खाटेच्या दांडीवर हात ठेवून बसला आणि म्हणाला, “लोक मले नावं ठेवतात, आबा. सीमीही रुसली हाय. मले काय कळत नाही काय? तारीख काढाले एक दिवस लागते. पन लगन झालं का मशीन बंद करा लागते. अन् मशीन बंद केली का तुमी जासान. मी कसा काढू तारीख? मले होत नाही.”

तो रडत होता. चांगला मिशीवाला, चार एकरांचा धनी माणूस, लहान पोरासारखा रडत होता. आणि मला त्या दुपारच्या खोडीची पहिल्यांदा लाज वाटली.

आबा उठून बसले. बसले म्हणजे कोपरावर उचलले गेले, तेवढंच त्यांना जमत होतं.

“म्हणून माह्या नातीले घरात बसवलं काय रे?”

देवराव ओरडला. पण भुताला घाबरल्यासारखा नाही. “मशीन बंद पडली!” असं ओरडत तो दार ढकलून माझ्या अंगावर आला. “वानखडेभाऊ, लवकर लावा, बाबा, लवकर! आबाचा टाइम जाऊन राह्यला!”

“जाऊ दे,” आबा आतून म्हणाले. “इकडं ये.”

तो गेला. आबांनी त्याचं मनगट धरलं. त्या हातात ताकद नव्हती, पण देवरावने ते सोडवलं नाही. आबा म्हणाले, “दोन वर्सं तू रोज माह्याशी बोलला. मले एक शब्द ऐकू नाही आला, देवराव. हे काय जगनं हाय? तू सांगून राह्यला अन् मी मिशी चावून राह्यलो.” मग ते म्हणाले, “अन् तांबडा बैल काहून इकला रे, गाढवा?”

रडता रडता देवराव हसला. मग बैलाचं सांगायला बसला, आणि ते ऐकायला सीमाही आत आली.

तुळशीचं लग्न लागलं आणि त्यानंतरच्या पहिल्याच तिथीला सीमाचं. मला मानाचं आमंत्रण होतं. नवरदेवाने मांडवात मला कडकडून मिठी मारली. मशीन बिघडली असंच त्याला वाटत होतं आणि मी तो समज तसाच राहू दिला. आपल्याकडची वरात आपल्याला ठाऊक आहे. बँडपुढं नाचणारे मारुतीच्या देवळापासून पुढं सरकेनात, मुहूर्त निघून चालला, भात गार होत होता. सगळे माझ्याकडे बघायला लागले. मांडवाभोवती आवळ लावला तर वरात यायला कितीही वेळ लागो, मांडवात मुहूर्त जात नाही. आमच्या कंपनीचं लग्नसराईत हेच मोठं काम असतं, आणि मशीन बाहेर टेम्पोत होती.

खुर्चीत बसलेल्या आबांनी हात वर केला. “नोको. नाचू दे त्याईले. दोन वर्सं कशी गेली मले समजलं नाही. हा घंटा मले पुरा पाह्यजे.”

तासभर ते खुर्चीत बसून होते. बँडच्या तालावर बोटं हलवत होते, येणाऱ्याजाणाऱ्याला शिव्या देत होते. वरात आली, मुहूर्त टळलेलाच होता, अक्षता पडल्या. आबांनी टाकलेल्या अर्ध्या अक्षता माझ्या डोक्यावर पडल्या.

देवरावने मशीन काढू दिली नाही. लग्नानंतरही तो वेढा त्या कोपऱ्यात चालूच होता. आबांचं मन बदललं तर खाट पुन्हा आत सरकवता यावी म्हणून. तो रोज विचारायचा, “आबा, जाता काय आत?” आबा म्हणायचे, “आत करमत नाही. तू बोलत राह्य.” देवराव बोलत राहिला. आता आबाही बोलत होते, त्यामुळे भांडणंही होत होती. स्टुलावरच्या पेल्यावर वाफ तशीच उभी होती. गावातली पोरं ती बघायला यायची आणि आबा त्यांना सांगायचे की वानखड्याने माझा चहा चोरून ठेवला.

डॉक्टरने सांगितलं होतं त्याहून ते बरेच दिवस जगले. संक्रांतीचा तिळगूळ त्यांनी सीमाच्या हातून खाल्ला आणि त्या आठवड्यात गेले. झोपेत नाही. देवरावशी बोलता बोलता, त्याच्या एका वाक्याच्या मधेच.

तेरवी झाल्यावर देवरावचा फोन आला. मशीन घेऊन जा म्हणाला. मी गेलो. खोलीत खाट नव्हती. कोपऱ्यात वेढा होता, स्टूल होतं, पेला होता. मी दांडा मधोमध आणला आणि मशीनचं घुमणं थांबलं. पेल्यावरची वाफ हलली, वर गेली, दिसेनाशी झाली.

देवरावने वाकून पेला उचलला. दोन्ही हातांत धरला. मी खुंट्या उपटायच्या थांबवल्या.

“वानखडेभाऊ,” तो म्हणाला, “गरम हाय अजून.”

त्याने पेला तोंडाला लावला. एक घोट घेतला. बराच वेळ तो तोंडात तसाच ठेवला, मग गिळला आणि म्हणाला, “साखर कमी हाय.”

शेवटच्या घोटापर्यंत तो हळूहळू प्याला. मी तार गुंडाळत बसलो आणि जितका उशीर करता येईल तितका केला.